भिंतीवरची पाण्याची रेघ

खाटेचा एक पाय विटांवरून सरकला आणि माझे मिस्टर पाण्यात पडले.

पाणी माझ्या गुडघ्याच्या वर आणि कमरेच्या खाली होतं. एवढ्या पाण्यात उभा माणूस बुडत नाही. उजवी बाजू गेलेला माणूस तोंडावर पडला तर बुडतो. मी आधी त्यांचे केस धरून तोंड वर काढलं, कारण हाताला केसच लागले. मग दोन्ही काखांत हात घातले, मागे सरत भिंतीला पाठ लावली आणि तशीच खाली बसले. त्यांचं डोकं माझ्या खांद्यावर आलं. बसल्यावर पाणी माझ्या गळ्याशी आलं.

दुपारचा एक वाजला असेल. बाहेर चांगलं ऊन होतं. पाऊस नव्हता. पाणी खाडीचं होतं, उधाणाच्या भरतीचं. ते नाल्यातून उलटं आत येतं आणि नाल्यात जे काही असेल ते बरोबर घेऊन आमच्या गल्लीत पसरतं. माझ्या समोरून तांदळाचा डबा फिरत होता. चप्पल फिरत होती. एक मेलेली घूस आली आणि दारातच अडकून राहिली.

मी हाका मारल्या. आमच्या गल्लीत आठ खोल्या आहेत आणि त्या वेळी आठांपैकी एकाही घरात माणूस नव्हता. शेजारची काकी बाजारात भाजी घेऊन बसली होती. समोरची भाभी स्टीलच्या कारखान्यात. बाकीचे सगळे कामावर. डोक्यावर पंखा चालू होता. मग लाइट गेली आणि तो थांबला. ते बरं झालं, नाहीतर आम्हाला दोघांना शॉक लागला असता.

मी त्यांच्याशी बोलत राहिले. सांगण्यासारखं काही बोलले नाही. पाणी उतरेल, थोडं थांबा, एवढंच. त्यांनी एकदा ‘पाय’ म्हटलं. पायाला गार लागत होतं की पाय कुठे अडकला होता, ते कळलं नाही. मी म्हटलं, असू दे.

पाणी उतरायला तीन तासांच्या वर लागले. काकी आली तेव्हा मी चिखलात बसले होते. तिनं त्यांच्या नाकाशी हात धरला, मग माझ्याकडे बघितलं.

“सोड गो बाय त्याला आता,” ती म्हणाली.

माझे हात सुटेनात. तिनं एकेक बोट सोडवलं. ते कधी गेले ते मला माहीत नाही. मी धरून बसले होते आणि तरी मला कळलं नाही.

ही खोली आम्ही घेतली तेव्हा भाईंदरला मोरव्याच्या या बाजूला मिठागरंच होती. परळची पागडीची खोली सोडून आम्ही इथे आलो, कारण तिथे मिळाले तेवढ्या पैशांत इथे स्वतःचं घर आलं. मिस्टर फोर्टात एका ऑफिसात शिपाई होते. मी चौथीपर्यंत शिकले. एक मुलगी आहे, ती लग्न होऊन विरारला गेली. मिस्टर रिटायर झाले आणि तीन वर्षांनी त्यांना अर्धांगवायू झाला. बोलणं जवळजवळ गेलं. डावा हात चालायचा. त्या हातानं ते जे काही सांगायचे ते सांगायचे.

पाणी कसं येतं ते मला काकीनं सांगितलं. काकी इथलीच, आगऱ्यांची. माझ्याहून दोन वर्षांनी मोठी, पण सगळी गल्ली तिला काकी म्हणते म्हणून मीही म्हणते. तिचे सासरे मिठागरावर होते. नाला खाडीला मिळतो त्या बांधात पूर्वी लाकडाची उघाडी होती. उघाडी म्हणजे वरून टांगलेलं झडपेचं दार. ओहोटीला आतलं पाणी त्याला ढकलून बाहेर जातं. भरतीला खाडीचं पाणी बाहेरून रेटतं आणि दार आपोआप मिटतं. माणूस लागत नाही. मिठागरं बंद पडली, लाकूड कुजलं आणि नवं कोणी बसवलं नाही. तेव्हापासून पावसाळ्यातल्या मोठ्या उधाणांना खाडी आमच्या घरात येऊ लागली. दीड तास राहायची आणि निघून जायची. आम्ही सामान वर चढवायचो, मिस्टरांना खुर्चीत बसवून चार जण उचलून शाळेच्या ओट्यावर नेऊन ठेवायचे. पाणी गेलं की घर धुवायचं. अशी वर्षं गेली.

एका वर्षी पावसाळा संपता संपता रिक्षावर भोंगा लावून कोणी सांगत फिरलं की पुढच्या वर्षाच्या अंदाजपत्रकासाठी नागरिकांनी आपल्या भागातल्या कामांच्या सूचना लेखी द्याव्यात. भाभी दारात उभी होती.

“चाची, ये क्या बोल रहा है?”

“सरकार विचारतंय काय पाहिजे.”

“हमसे?” ती हसली. “पूछ रहा है तो लिख दो ना. दरवाजा माँगो, काकीवाला.”

मी लिहिलं. माझं अक्षर मोठं आहे, एका पानात मावलं नाही, दोन पानं झाली. नाल्याच्या तोंडाशी उघाडी बसवून मिळावी, गल्लीत एक आजारी माणूस आहे ज्याला उठता येत नाही. आठ घरांच्या सह्या घेतल्या. पालिकेच्या ऑफिसात खिडकीवर एक बाई होती, तिनं शिक्का मारून एक प्रत परत दिली. म्हणाली, “मावशी, साहेब पाहणीला येतील. पाहणी झाल्याशिवाय काम पुढे जात नाही.”

सर्वपित्री अमावास्येला मोठं उधाण होतं. पाणी आलं. त्या दिवशी शाळा उघडायला कोणी नव्हतं आणि उचलणारेही दोघंच होते, म्हणून मिस्टरांना खाटेवरच ठेवलं. खाटेच्या पायांखाली दोन-दोन विटा लावल्या होत्या. पाणी गुडघ्याखाली राहिलं. मिस्टरांच्या अंगावर फक्त बनियन होतं आणि खाली फडकं, कारण धोतर भिजलं होतं. भाभीनं दारातून फोनवर फोटो काढला. पाणी, खाट आणि खाटेवर ते.

त्याच दिवशी संध्याकाळी निरोप आला की साहेब उद्या सकाळी पाहणीला येतायत.

आता जे झालं ते नीट सांगते, कारण ते मी केलं.

त्याच उद्याच्या दिवशी घटस्थापना होती. घट बसायच्या आधी घर धुवायचं, हे आमच्याकडे सांगावं लागत नाही. त्यात साहेब येणार. घरात नाल्याचा चिखल, सगळीकडे वास, भिंतीवर तेलकट काळी रेघ. पाणी जिथपर्यंत चढतं तिथे ती रेघ राहते. मी बादली घेतली आणि सुरुवात केली.

काकी दाराशी आली. “काय करतंस गो?”

“उद्या साहेब येतोय.”

“म्हणून काय? असूं दे की. बघूं दे त्याला.”

“पहिल्यांदा दारात येतोय माणूस. त्याला नाल्याच्या घाणीत उभं करू?”

“तो घान बघायलाच येतोय ना?”

“नाल्यावर जाऊन बघेल.”

काकीनं पदर खोचला. “तुमी परळवाली,” ती म्हणाली. “पोटात न्हाय अन्न, पन दारात रांगोळी.” मग तीही घरी गेली आणि तिच्या खोलीतून खराट्याचा आवाज यायला लागला. तिचं एकटीचं घर घाण दिसायला नको होतं. ती धुतेय म्हटल्यावर बाकीच्यांनीही धुतलं. मी फिनेल टाकलं. डब्यात चुना होता, तो कालवून भिंतीला दोन हात मारले. रेघ गेली. खाटेखालच्या विटा काढून मोरीत ठेवल्या. सकाळी मिस्टरांची दाढी केली, लग्नात घालायचा शर्ट त्यांना घातला. भाभीला म्हटलं, तो फोटो काढून टाक. ती म्हणाली, चाची, साहब को दिखाते हैं. मी म्हटलं, त्यात ते उघडे दिसतायत, बाहेरच्या माणसाला दाखवायचे नाहीत. तिनं माझ्यासमोर तो पुसला.

साहेब वेळेवर आला. तरुण मुलगा, चष्मा, हातात फॉर्म. पायात नवे बूट, गल्लीतल्या चिखलानं भरलेले. आत येताना त्यानं बूट काढले. मला तो चांगल्या घरचा वाटला. अजूनही वाटतो.

“आजी, पाणी कुठपर्यंत येतं?”

“येतं थोडं.”

“थोडं म्हणजे? घोट्यापर्यंत? गुडघ्यापर्यंत?”

“तसंच काहीतरी. सणासुदीला पाण्याचं काय बोलायचं. बसा ना.”

मी चहा टाकला. तो भिंती बघत होता. भिंती पांढऱ्या होत्या. मिस्टरांनी खाटेवरून डावा हात उचलला. भिंतीकडे केला, जिथे रेघ होती तिथे, आणि तोंडानं आवाज काढला. एकदा, दोनदा. साहेब वळून बघायला लागला.

“काय म्हणतायत आजोबा?”

“त्यांना चहा पाहिजे,” मी म्हटलं आणि त्यांचा हात खाली ठेवला.

त्यांनी पुन्हा उचलला. मी पुन्हा खाली ठेवला आणि जरा दाबून धरला.

“पाण्याचा एखादा फोटो आहे का?” साहेबानं विचारलं.

भाभी दारातच होती. तिनं माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, नाही.

त्यानं लिहिलं. चहा प्यायला, चांगला झालाय म्हणाला. फॉर्मवर खाली नागरिकांचं मत लिहायला जागा होती. “आजी, तुमचं मत म्हणून काय लिहू? उघाडीचं अर्जात आहेच. आणखी काही अडचण?”

घरी आलेल्याला असं काही मागायचं नसतं की तो अडचणीत येईल. मागायचं तर लहान काहीतरी मागायचं. मी म्हटलं, “गल्लीत चिखल होतो तेवढा. बघा, तुमचे नवे बूट खराब झाले.”

तो हसला आणि तेही लिहिलं. मी सही केली. वाचलं नाही. त्याच्यासमोर वाचत बसणं बरं दिसलं नसतं.

होळीच्या आधी दोन टेम्पो भरून फरशीचे ठोकळे आले, रस्त्यात बसवतात ते. आमची गल्ली एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत ठोकळ्यांची झाली. नारळ फुटला, पेढे वाटले. भाभीनं पायानं ठोकून बघितलं, म्हणाली एकदम सोसायटी जैसा. काकी ओट्यावर बसून बघत होती. “उघाडी मांगली, आन् नाचाला जागा दिली,” ती म्हणाली.

ठोकळे बसवायचे तर खाली खडी आणि रेती घालावी लागते. गल्ली वीतभर वर आली. आमचे उंबरे खाली गेले. पूर्वी आम्ही एक पायरी चढून घरात जायचो, आता एक पायरी उतरून. त्या वेळी कोणाच्या डोक्यात काही आलं नाही. माझ्या तर नाहीच. चपला स्वच्छ राहत होत्या.

उघाडीचं काही दिसेना म्हणून मी ऑफिसात गेले. खिडकीवर तीच बाई होती. मी शिक्क्याची प्रत दाखवली. तिनं कागद शोधला, तेवढ्यात दोन फोन घेतले.

“मावशी, तुमच्या अर्जावर कार्यवाही झालीय.”

“कुठे झालीय?”

“गल्लीचं काम नाही का झालं?”

“ते आम्ही मागितलं नव्हतं.”

तिनं कागद माझ्याकडे फिरवला आणि बोट ठेवून वाचून दाखवलं. घरं स्वच्छ व कोरडी. भिंतीवर पाण्याची खूण नाही. फोटो किंवा अन्य पुरावा नाही. नागरिकांचे मत, गल्लीत चिखल होतो. खाली माझी सही.

“उघाडीसाठी पैसे ठेवायचं चाललं होतं,” ती म्हणाली. “पण पाहणीत गरजच दिसली नाही. मग साहेब लोक काय करणार? ज्या कामाची गरज कागदावर नाही त्याला पैसे ठेवले तर उद्या त्यांनाच विचारतील, का ठेवले. तुमच्या भागासाठी जे होतं ते तुम्ही सांगितलेल्या कामाला दिलं. लोकांनी मागितलं ते केलं नाही म्हणूनही बोलतात आणि केलं तरी बोलतात.”

“आम्ही घर धुतलं होतं,” मी म्हटलं. “तो येणार म्हणून.”

“पाहणीच्या आधी?”

“हो.”

“आणि साहेबांनी विचारलं तेव्हा का नाही सांगितलं?”

“लाज वाटली.”

“मावशी, लाजेचा रकाना नाही हो फॉर्मवर.” ती टोचून बोलली नाही. तिला खरंच दुसरं काही सांगता येत नव्हतं. “पुन्हा अर्ज द्या. पण आता या वर्षाचं बंद झालंय. पुढच्या वर्षाच्या अंदाजपत्रकात धरतील.”

मी तिथेच बसून दुसरा अर्ज लिहिला. या वेळी एका पानात मावला. शिक्का मारून घेतला आणि घरी आले. मिस्टरांना सगळं सांगितलं. त्यांनी डावा हात उचलून भिंतीकडे केला आणि मग तसाच खाली टाकला. मी म्हटलं, हो, कळलं मला.

पावसाळा लागला. पौर्णिमेला आणि दुसऱ्या दिवशी आम्ही त्यांना खुर्चीतून शाळेच्या ओट्यावर नेलं. दोन्ही दिवस पाणी नाल्याच्या काठापर्यंत आलं आणि परत गेलं. ते दोन दिवस ओट्यावर बसून होते, पोरं येऊन बघत होती. तिसऱ्या दिवशी उचलणाऱ्यांपैकी तिघांना कामावर जायचं होतं. मिस्टर डाव्या हातानं नको म्हणाले. मीही म्हटलं, आता काय येणार. विटा लावल्या, मागच्यासारख्याच दोन-दोन. मागच्या वेळी तेवढ्या पुरल्या होत्या.

त्या दिवशी आलं ते पाणी काही पूर्वीच्या सगळ्यात मोठ्या उधाणांपेक्षा मोठं नव्हतं. खाडीतल्या जुन्या खुंटावर पाणी कुठवर चढलं होतं ते काकीनं बघितलं, त्यावरून तिनं सांगितलं. पण गल्ली उंच झाली होती आणि खोल्या खाली. पाणी ठोकळ्यांवरून आमच्या खोलीत उतरलं आणि टाकीत भरावं तसं भरलं. ओहोटी लागली तेव्हा गल्लीतलं निघून गेलं, आमचं आतच राहिलं. वीतभर वर चढून त्याला बाहेर जाता येईना. मोरीच्या भोकातून जेवढं जाईल तेवढं गेलं. म्हणून तीन तास.

बाकीचं मी आधी लिहिलंय.

मुलगी आली, जावई आले. भाईंदरच्या स्मशानात संध्याकाळी सगळं उरकलं. दुसऱ्या दिवशी मुलीनं साडी खोचली आणि बादली घेतली. माणसं भेटायला येणार, घरात पाय ठेववत नव्हता. मी तिच्या हातातून बादली घेतली.

“आई, अगं वास येतोय.”

“येऊ दे.”

“लोक काय म्हणतील?”

“बाहेर बसतील.”

लोक बाहेर ठोकळ्यांवर बसले. कोणी काय म्हटलं ते मला माहीत नाही. मुलगी दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. मी ओल्या गादीसकट खाट तशीच ठेवली, एक पाय विटांवरून खाली उतरलेली. झोपायला काकीकडे गेले. काकीनंही तिची खोली धुतली नव्हती. भाभीनंही नाही. मी कोणाला सांगितलं नव्हतं.

पाचव्या दिवशी पाहणी आली. तोच मुलगा. आत यायला त्यानं बूट काढायला सुरुवात केली, खाली बघितलं आणि पुन्हा घातले. बरोबर एक माणूस होता, टेप घेतलेला. भिंतीवर काळी रेघ होती, माझ्या मांडीच्या उंचीवर. त्यांनी जमिनीपासून रेघेपर्यंत मोजलं, उंबऱ्यापासून गल्लीपर्यंत मोजलं. फोटो काढले. खाटेचाही काढला. मी चहा टाकला नाही.

“आजी, मागच्या वेळी मी आलो होतो तेव्हा...” तो म्हणाला आणि थांबला.

“मागच्या वेळी धुतलं होतं. चुना लावला होता.”

“मला वाटलं...” त्यानं भिंतीकडे बघितलं. “आजोबा हात दाखवत होते.”

“हो. ते रेघ दाखवत होते.”

त्यानं चष्मा काढला, पुसला, परत लावला. तो काही बोलला असता तर मला त्याला काहीतरी उत्तर द्यावं लागलं असतं. मला त्याचा राग आला नव्हता. कोणाचाच आला नव्हता. मला त्या दिवसांत भूकही लागत नव्हती आणि रागही येत नव्हता, दोन्ही सारखंच.

“तुमचं मत काय लिहू?” त्यानं विचारलं.

“उघाडी बसवा. आणि आमच्या खोल्यांमधून पाणी जायला गल्लीखालून पाइप काढा.”

“आणखी काही?”

“नाही.”

त्यानं लिहिलं आणि फॉर्म माझ्याकडे दिला. या वेळी मी वाचला. वरपासून खालपर्यंत सगळा वाचला. मला वाचायला वेळ लागतो. ते दोघं चिखलात उभे होते. एका ठिकाणी त्यानं ‘पाणी साचते’ असं लिहिलं होतं. मी म्हटलं, साचते नाही, भरते, आणि माणूस गेला तेही लिहा. त्यानं लिहिलं. मग मी सही केली.

हिवाळ्यात ऑफिसात अंदाजपत्रकाची बैठक झाली, नागरिकांना बोलावलं होतं. मी आणि काकी गेलो. एक जण बागेत कारंजं मागत होता, एक काशीमीऱ्याकडून येणाऱ्या ट्रकांबद्दल बोलत होता. पुढे बसलेल्या मोठ्या साहेबांनी सगळ्यांचं ऐकून घेतलं. माझं नाव पुकारलं तेव्हा त्यांच्यासमोर कागद होता आणि कागदाला फोटो जोडलेले होते. मला विचारलं, आजी, काही सांगायचंय? मी म्हटलं, कागदावर आहे ते बरोबर आहे. त्यांनी मान हलवली आणि खूण केली. एवढंच. परत येताना रिक्षात काकी म्हणाली, “येवढा वेल बसून तू येकच वाक्य बोललंस.” मी म्हटलं, मागच्या वेळी जास्त बोलले होते.

पुढच्या पावसाळ्याच्या आधी उघाडी बसली. लोखंडाची आहे, काळी रंगवलेली. पाइपही टाकला, त्यासाठी आठ दारांसमोरचे ठोकळे उचकटून परत बसवले. पहिल्या उधाणाला मी आणि काकी बांधावर जाऊन उभ्या राहिलो. खाडीचं पाणी वर चढत आलं, दाराला लागलं आणि दार मिटलं. जरा आवाज झाला. आतला नाला होता तेवढाच राहिला. दुसरं काही बघण्यासारखं नव्हतं.

“लाकडाची बरी होती,” काकी म्हणाली. “ही गंजनार.”

“गंजली की अर्ज देऊ.”

“आन् घर?”

“नाही धुवायचं.”

आम्ही घरी आलो. खोली कोरडी होती. भाभी दारात उभी होती, म्हणाली चाची, कुछ नहीं आया. मी म्हटलं, हो.

मुलगी म्हणते आता तरी भिंतीला रंग काढू. मी काढू देत नाही. त्यात काही आठवण-बिठवण नाही. पुन्हा कोणी पाहणीला आलं तर रेघ दिसायला पाहिजे, एवढंच आहे. खाट काकीच्या मुलानं भंगारात दिली. गादी आधीच फेकली होती. मी आता खाली चटईवर झोपते, त्याच भिंतीकडे डोकं करून, कारण खोलीत दुसरीकडे जागा नाही.

लोक विचारतात, त्या वेळी घरात कोण होतं. आम्ही दोघं होतो. मी वाचले.